मंडप कोठे घालावा?

एकोणिसाव्या शतकात वेरूळची लेणी पाहावयास मुंबईहून निघालेला प्रवासी आगगाडीने नांदगावास उतरे आणि तेथून टांगा करून देवगाववरून कैलास लेण्यापाशी पोहोचे. पुढे 1900 च्या सुमारास मनमाडहून निजामाच्या राज्यात जाणारा लोहमार्ग सुरू झाला आणि ही वर्दळ नांदगावास सोडून गेली. लेणी होती तेथेच राहिली. बदलली ती वाट. निसर्गरम्य स्थळी विवाह करण्याची जी हौस आज मध्यमवर्गात बळावली आहे, तिचा विचार करताना नांदगावचा हा अनुभव आठवल्यावाचून राहत नाही.

26 नोव्हेंबर 2023 च्या ‘मन की बात’मध्ये पंतप्रधानांनी परदेशात जाऊन लग्ने लावणाऱ्या कुटुंबांना ती देशातच लावण्याचे आवाहन केले. देशाचा पैसा देशात राहावा, हा त्यामागील हेतू रास्तच होता. परंतु ज्यांना उद्देशून ते होते, ते पाहुण्यांसाठी विमानेही ठरवू शकतात. त्यांचे पाहून शिक्षकाच्या किंवा कारकुनाच्या घरीही आता उदयपूर नाही तर निदान इगतपुरीचे डोंगर, नाशिकचे द्राक्षमळे, लोणावळा, कर्जत अशी नावे निघू लागली आहेत. या हौसेला नाके मुरडण्याचे कारण नाही. वैशाखात पत्र्याच्या मंगल कार्यालयात घामाघूम होऊन अक्षता टाकण्यात संस्कृतीचे फार मोठे रक्षण होते, असे आम्हांस वाटत नाही. प्रश्न निराळाच आहे.

पूर्वी लग्न बहुधा वधूच्या गावी होई. वऱ्हाड दुरून येई हे खरे. पण ज्या गावी येई ते गाव कोणाचे तरी असे. स्थानकावर गाड्या जुंपून कोणी उभा राही, शेजाऱ्याचा वाडा जानवसा म्हणून मोकळा होई, गाद्या-घागरी घरोघरून गोळा होत. पुढे एस.टी.च्या प्रासंगिक कराराने सबंध वऱ्हाड एका गाडीत बसू लागले. आता निवडलेले स्थळ वराचेही नसते आणि वधूचेही नसते. दोन्ही पक्ष तेथे पाहुणेच! पत्रिकेसोबत नकाशाचा दुवा पाठविला की यजमानपण संपते आणि शेवटच्या दहा-पंधरा मैलांची व्यवस्था ज्याची त्याने पाहावयाची असते. मोटार असलेल्यास ते अंतर जाणवत नाही. सत्तरीच्या आत्याबाईंना मात्र तेच अडवते. त्या ‘प्रकृती बरी नाही’ असे कळवितात आणि सारे त्यावर विश्वास ठेवतात.

नांदगाव तालुक्यात रम्य स्थळे नाहीत असे नव्हे. गिरणेवर पांझणजवळ 1969 मध्ये पुरे झालेले धरण आहे. हिवाळ्यात त्याच्या जलाशयाकाठची संध्याकाळ कोणत्याही सरोवरनगरीस लाजवील. जातेगावचा पिनाकेश्वर आहे. नस्तनपूर तर चाळीसगाव रस्त्यालाच आहे, पण तेथील देवस्थान शनिमहाराजांचे, तेव्हा व्याहीमंडळींची संमती आधी घेतलेली बरी. शिवाय मनमाडसारखे जंक्शन याच तालुक्यात. मुंबई, भुसावळ, दौंड आणि संभाजीनगर या चारही दिशांचे लोहमार्ग तेथे मिळतात. एवढी सोय महाराष्ट्रातील किती रम्य स्थळांना आहे?

पण जंक्शनापर्यंत येणे निराळे आणि मंडपापर्यंत येणे निराळे. 2020 च्या टाळेबंदीनंतर ठिकठिकाणच्या लहान स्थानकांवरील गाड्यांचे थांबे काढले गेले. नोव्हेंबर 2023 च्या अखेरीस, ऐन तुळशीच्या लग्नानंतरच्या मुहूर्तांत, मनमाडचा जुना रेल्वे उड्डाणपूल अंशतः कोसळला आणि पुणे-इंदूर रस्त्याची वाहतूक दूरवरून वळवावी लागली. त्याआधी 2021 च्या हिवाळ्यात एस.टी.चा दीर्घ संप होताच. हमरस्त्यावरील गावाची ही कथा. मग एकाच घाटवाटेवर विसंबलेल्या रिसॉर्टात तीनशे माणसे बोलावणाऱ्याने काय विचार करावा?

तिथीचेही तसेच. चैत्र-वैशाखातील मुहूर्त हे परीक्षांचे आणि उत्तरपत्रिकांचे दिवस. गावातील लग्नास अर्ध्या दिवसाची रजा पुरते. डोंगरातील लग्नास जाऊन-येऊन दोन दिवस मोडतात. किरकोळ रजा वर्षाच्या मोजक्याच, त्यात घरची आजारपणेही भागवावयाची. शिवाय त्याच दिवसांत या टापूत पाण्याची ओरड असते. ऑक्टोबर 2018 मध्ये शासनाने जे 151 तालुके दुष्काळी ठरविले, त्यांत नांदगाव होते. गिरणा धरणातून छप्पन्न खेड्यांची नळयोजना झाली, तरी मनमाडकरांनी पंधरा-पंधरा दिवसांआड नळाचे पाणी भरलेले आहे. अशा ठिकाणी वैशाखात हिरवळ राखून मंडप घालावयाचा तर ते पाणी कोणाच्या तरी टँकरमधूनच येणार.

तेव्हा जागेची अनामत भरण्यापूर्वी वधूपित्याने एकदा मोटारीवाचून तेथे जाऊन पाहावे. सकाळच्या गाडीने उतरावे, मिळेल त्या वाहनाने स्थळी पोहोचावे, दुपारची पंगत उठते त्या वेळेस परत निघावे आणि रात्री घरी पोहोचता येते का ते पाहावे. येत नसेल तर मुक्कामाच्या खोल्या किती, याची चौकशी फुलांच्या कमानीआधी करावी. स्थानकापासून मंडपापर्यंत करारावर दोन एस.टी. गाड्या ठेवल्या तर जो खर्च येईल, तो कमानीच्या खर्चाशेजारी मांडून पाहावा. त्या गाड्यांच्या वेळा पत्रिकेतच मुहूर्ताच्या खाली छापाव्यात, म्हणजे आत्याबाईंना प्रकृतीची सबब सांगावी लागणार नाही.