वेंबनाडच्या पाण्यावर कोणाचा इतिहास?

केरळातील वेंबनाड तलावाच्या काठाने कायाकमधून मार्गदर्शकासह फेरी मारण्याची सोय आता ठिकठिकाणी झाली आहे. अधिवेशनासाठी, शिबिरासाठी किंवा मुलाबाळांसह सुट्टीत केरळात जाणारे आपले अनेक कॉम्रेड आलप्पुझा किंवा कुमरकोमला जातात आणि अशा फेरीचा आनंद घेतात. प्रस्तुत लेखकानेही अलीकडेच मुहम्मा गावच्या धक्क्यावरून असा दोन तासांचा प्रवास केला. पहाटेचे शांत पाणी, नारळींच्या रांगा, पातिरामणल बेटावरील पक्ष्यांचे थवे आणि काठावर गुडघाभर पाण्यात उभे राहून जाळे टाकणारे मच्छीमार, हे दृश्य कोणाचेही मन प्रसन्न करील असेच आहे. परंतु त्या दोन तासांत जे दाखविले गेले त्यापेक्षा जे दाखविले गेले नाही, ते अधिक महत्त्वाचे होते. त्याविषयी चार शब्द लिहिणे अगत्याचे वाटते.

मार्गदर्शक पंचविशीतला तरुण होता. पक्ष्यांची नावे, करिमीन माशाची चव, सूर्योदयाची वेळ हे सारे त्याला मुखोद्गत होते. याच मुहम्म्यात कण्णर्काड येथे कॉम्रेड पी. कृष्ण पिळ्ळै यांचे निधन झाले ना, असे विचारताच तो चमकला. वल्हे आडवे ठेवून तो बोलू लागला. त्याची आजी कुट्टनाडच्या शेतांत राबत होती आणि आजोबा काथ्याच्या कारखान्यात. मग हे सारे पाहुण्यांना का सांगत नाही, असे विचारल्यावर त्याने जे उत्तर दिले ते विचार करायला लावणारे आहे. लोक विरंगुळ्यासाठी येतात, त्यांना राजकारण नको असते, तेव्हा पक्षी आणि निसर्ग एवढेच सांगावे, अशी फेरी भरविणाऱ्यांची त्याला ताकीद होती!

तळातून वर आलेली जमीन

ज्याला ‘निसर्ग’ म्हणून दाखविले जाते, त्यातील कितीतरी भाग वस्तुतः मानवी श्रमाची निर्मिती आहे. वेंबनाडच्या दक्षिण भागाला लागून कुट्टनाडची समुद्रसपाटीहून खालच्या पातळीवरची भातशेती आहे. जगाच्या अन्न व कृषी संघटनेने २०१३ साली तिला जागतिक महत्त्वाचा कृषी वारसा म्हणून मान्यता दिली. ही जमीन तलावाच्या तळातून वर काढलेली आहे. नारळीचे खांब पाण्यात ठोकावयाचे, त्यांना बांबूचे तट्टे बांधावयाचे, बुड्या मारून तळाचा चिखल वर आणावयाचा, तो होड्यांतून वाहून नेऊन त्याचा बांध घालावयाचा आणि मग आतले पाणी उपसावयाचे. प्रारंभी हा उपसा पायाने फिरवायच्या चाकांनी होत असे. पुढे इंजिने आली. हे काम प्रामुख्याने पुलय आणि इतर दलित जातींच्या मजुरांनी केले. बांध फुटू नये म्हणून त्यात जिवंत मजूर पुरल्याच्या कथा कुट्टनाडच्या लोकस्मृतीत आजही सांगितल्या जातात. त्या कथांची शब्दशः सत्यता बाजूला ठेवली, तरी मजुराच्या जिवाची किंमत काय होती हे त्यांवरून स्पष्ट होते.

१९४० च्या दशकात अन्नटंचाईच्या काळी तलावातून काढलेल्या मोठ्या शेतांना चित्तिरा, मार्तांडम, राणी अशी नावे देण्यात आली. ही सारी नावे राजघराण्याची आहेत. ज्या जमीनदाराने ही शेते उभी केली त्याला लोक ‘कायल राजा’ म्हणत. चिखल ज्यांनी उपसला त्यांचे नाव मात्र एकाही शेताला नाही. १ जानेवारी १९७० पासून जमीन सुधारणा कायदा खऱ्या अर्थाने अंमलात आला, त्यानंतर ही शेते सरकारने ताब्यात घेतली. १९७४ साली शेतमजुरांसाठी स्वतंत्र कायदा झाला. या गोष्टी कोणा दयाळू शासनकर्त्याच्या मनात आल्या म्हणून घडलेल्या नाहीत. चाळीसच्या दशकात कृष्ण पिळ्ळै यांनी काथ्याच्या कारखान्यातील एका तरुण कामगाराला कुट्टनाडच्या मजुरांची संघटना बांधण्यासाठी पाठविले होते. तो तरुण म्हणजे कॉम्रेड व्ही. एस. अच्युतानंदन. २१ जुलै २०२५ रोजी वयाच्या १०१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. ज्या वलियचुडुकाडमध्ये पुन्नप्र-वायलारच्या हुतात्म्यांचे स्मारक आहे, तेथेच त्यांना अखेरचा निरोप देण्यात आला.

काठावरील रक्त

तलावाच्या पश्चिम काठाने उत्तरेकडे जावे तर वायलार लागते. ऑक्टोबर १९४६ मध्ये त्रावणकोरचे दिवाण सर सी. पी. रामस्वामी अय्यर यांच्या तथाकथित ‘अमेरिकन धर्तीच्या’ राज्यघटनेविरुद्ध काथ्या कामगार, शेतमजूर, मच्छीमार आणि ताडी काढणारे कामगार उभे राहिले. त्यांच्या हातात सुपारीच्या लाकडाचे टोकदार भाले होते. २४ ऑक्टोबरला पुन्नप्र येथे संघर्ष झाला आणि २७ ऑक्टोबरला पाण्याने वेढलेल्या वायलारवर सैन्याने गोळ्यांचा वर्षाव केला. शेकडो श्रमिक धारातीर्थी पडले. वर्ष उलटण्यापूर्वीच दिवाणसाहेबांना त्रावणकोर सोडावे लागले आणि त्रावणकोर स्वतंत्र ठेवण्याचा त्यांचा बेत धुळीस मिळाला. दोन वर्षांनंतर, १९ ऑगस्ट १९४८ रोजी, भूमिगत असलेले कृष्ण पिळ्ळै कण्णर्काडच्या एका झोपडीत सर्पदंशाने मरण पावले. आज जेथे पर्यटक छायाचित्रे काढतात त्या पाण्यापासून ती जागा दूर नाही.

पूर्व काठावर वायकोम आहे. तेथील मंदिराभोवतालच्या रस्त्यांवरून चालण्याच्या हक्कासाठी अस्पृश्य मानलेल्या जनतेने १९२४-२५ साली सत्याग्रह केला. महाडच्या चवदार तळ्याचा संग्राम त्यानंतर अवघ्या तीन वर्षांच्या आत, मार्च १९२७ मध्ये झाला. एका ठिकाणी रस्ता, दुसऱ्या ठिकाणी पाणी. प्रश्न एकच होता: जे सर्वांचे आहे त्यावर कोणाचा पाय पडावा आणि कोणाचा हात लागावा? हाच प्रश्न आज वेंबनाडच्या काठावर नव्या रूपात उभा आहे. जातीच्या जागी आता पैशाची कुंपणे येत आहेत.

नफ्याचे कुंपण

एके काळी भात वाहून नेणाऱ्या, काथ्याच्या दोरीने शिवलेल्या केट्टुवळ्ळम होड्या रस्ते आणि ट्रक आल्यावर निरुपयोगी झाल्या. १९९० च्या दशकापासून त्यांचे ‘हाऊसबोट’ झाले. श्रमाचे साधन करमणुकीचे साधन होणे यात स्वतःहून काही वाईट नाही. कायाक ही तरी काय, उत्तर ध्रुवाकडील बर्फाळ प्रदेशातील शिकाऱ्यांची, चामड्याने मढविलेली पोट भरण्याची होडीच होती. परंतु आज शेकडो हाऊसबोटींचा मैला आणि तेल जेव्हा त्याच पाण्यात जाते, ज्यातून काठावरची बाई शिंपले वेचते, तेव्हा एकाच्या सुट्टीची किंमत दुसऱ्याच्या उपजीविकेतून वसूल होत असते.

वेंबनाड हा २००२ पासून रामसर यादीतील आंतरराष्ट्रीय महत्त्वाचा पाणथळ प्रदेश आहे. तरीही दीड शतकात त्याचे क्षेत्र निम्म्याहून कमी उरले आहे. त्यातील काही भाग भातासाठी भरला गेला, काही भाग गाळाने भरला आणि काही ठिकाणी काठ गिळले जात आहेत. पाणावळ्ळी येथील नेडियतुरुत्त बेटावर एक आलिशान रिसॉर्ट उभे राहिले, तेव्हा त्याविरुद्ध न्यायालयात गेलेल्यांत खांबांवर जाळी लावणारे स्थानिक मच्छीमार होते. जानेवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते पाडण्याचा निर्णय कायम केला आणि २०२२ साली पाडकाम सुरू झाले. काठ वाचविण्याचे काम शेवटी कोणाच्या हातून होते याचा याहून बोलका पुरावा कोणता?

येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. तलावावरील प्रत्येक तंटा हा केवळ भांडवलदार विरुद्ध श्रमिक असा सरळ नाही. खारे पाणी शेतात शिरू नये म्हणून १९७० च्या दशकात तण्णीरमुक्कमचा बंधारा बांधला गेला आणि तलावाचे दोन भाग झाले. उन्हाळी महिन्यांत त्याचे दरवाजे बंद ठेवावेत हे शेतकऱ्याच्या हिताचे असते. मच्छीमाराला ते उघडे हवे असतात. कारण माशांचे आणि कोळंबीचे येणेजाणे थांबते, काळ्या शिंपल्यांच्या वाढीला आवश्यक असलेला खारटपणा मिळत नाही आणि खाऱ्या पाण्याने मरणारी जलपर्णी माजते. हा जनतेतीलच अंतर्विरोध आहे. तो न्यायालयात किंवा बाचाबाचीत सुटावयाचा नाही. किसान सभा आणि मच्छीमार संघटना यांनी एकत्र बसून दरवाजांचे वेळापत्रक ठरविणे हाच त्यावरचा मार्ग आहे.

विरंगुळा हाही हक्कच

काही कॉम्रेड म्हणतील, कायाकची सैर ही सुखवस्तू लोकांची चैन. श्रमिकांच्या पक्षाने तिचा विचार का करावा? ही भूमिका वरवर कडवी दिसली तरी चुकीची आहे. मुंबईच्या गिरणी कामगारांना रविवारची सुट्टी १८९० साली मिळाली ती नारायण मेघाजी लोखंडे यांनी चालविलेल्या दीर्घ चळवळीमुळे. विश्रांती ही मालकाने दिलेली देणगी नाही. इंग्लंडमध्ये एप्रिल १९३२ मध्ये तरुण कम्युनिस्ट बेनी रॉथमन यांच्या नेतृत्वाखाली मँचेस्टर परिसरातील कामगारांनी जमीनदारांच्या राखीव किंडर स्काउट डोंगरावर सामुदायिक प्रवेश केला आणि त्यापायी काहींनी तुरुंगवास भोगला. डोंगर, किनारा, तलाव यांवर फिरण्याचा हक्क हा वर्गलढ्याचाच एक भाग आहे, हे त्यांनी ओळखले होते.

तेव्हा पर्यटन हवे की नको हा प्रश्नच नाही. पर्यटन कोणाच्या हाती, कोणासाठी आणि कोणाच्या किमतीवर, हा प्रश्न आहे. या पाण्यावर दुसरे उदाहरणही आहे. २७ जुलै २००२ रोजी मुहम्म्याहून कुमरकोमला निघालेली प्रवासी बोट बुडून २९ जणांचा बळी गेला. त्यांत नोकरीच्या परीक्षेला निघालेले तरुण होते. सामान्य माणसाच्या जलप्रवासाकडे दुर्लक्ष झाले की काय घडते ते त्या दिवशी दिसले. त्याच तलावावर जानेवारी २०१७ पासून वायकोम ते तवणक्कडव ही देशातील पहिली सौरशक्तीवर चालणारी फेरीबोट धावू लागली, आणि तीही सार्वजनिक मालकीची. कुमरकोममध्ये २००८ पासून ‘उत्तरदायी पर्यटना’चा जो प्रयोग झाला, त्यातून स्थानिक स्त्रियांच्या गटांचा भाजीपाला आणि कारागिरांच्या वस्तू हॉटेलांपर्यंत पोहोचल्या. मर्यादा असल्या तरी दिशा योग्य होती.

याच दिशेने काही मागण्या पुढे रेटल्या पाहिजेत. कायाकचे मार्गदर्शक आणि नावाडी यांची कामगार म्हणून नोंद झाली पाहिजे. त्यांना विमा, किमान वेतन आणि पावसाळ्यात फेऱ्या बंद असतात त्या काळासाठी कल्याण निधी मिळाला पाहिजे. फेऱ्यांचे परवाने प्रथम मच्छीमार, शिंपले वेचणारे आणि काथ्या कामगार यांच्या सहकारी संस्थांना दिले गेले पाहिजेत. प्रत्येक हाऊसबोटीच्या सांडपाण्याची सक्तीने विल्हेवाट झाली पाहिजे आणि किती बोटी पाण्यावर असाव्यात याची मर्यादा पाळली गेली पाहिजे. आणि मार्गदर्शकाच्या तोंडाला लावलेले कुलूप निघाले पाहिजे!

२०१८ च्या ऑगस्टमध्ये महापुराने कुट्टनाड पाण्याखाली गेले, तेव्हा किनाऱ्यावरच्या मच्छीमारांनी आपल्या होड्या ट्रकांवर चढवून आणल्या आणि हजारो लोकांना बाहेर काढले. त्या वेळी तलाव कोणाचा, हे कोणी विचारले नाही. तो त्याच्यावर जगणाऱ्यांचा आहे, हे सर्वांनाच दिसत होते.

केरळात जाणाऱ्या आपल्या सभासदांनी वेंबनाडवर जरूर जावे, वल्हे हाती घ्यावे आणि पहाटेचे सौंदर्य डोळे भरून पाहावे. मात्र मार्गदर्शकाला कण्णर्काड कोठे आहे हे अवश्य विचारावे. वायलारची आणि बांधावरच्या मजुरांची हकीकत ऐकण्यासाठी त्याला आग्रह करावा, आणि त्याला रोज किती मिळतो, आजारपणात काय मिळते, हेही विचारावे. परत आल्यावर आपल्या शाखेत ते सांगावे. ऐकणारे आहेत असे दिसले, तर सांगणाऱ्याला कोण अडवू शकणार?