कान्ते नशिबानं घडला नाही

दर काही महिन्यांनी माझ्या व्हॉट्सअ‍ॅपवर एन्गोलो कान्तेची रील येते. तोच लाजरा हसरा चेहरा, तीच छोटी मिनी कूपर आणि खाली ओळ: ‘सब्र करा, अल्लाह देतो.’ ती पाठवणारे माझेच मित्र, माझेच भाऊ. पण आता मला तिचा राग येऊ लागलाय. सब्र मलाही मान्य आहे. पण सब्र म्हणजे हात बांधून बसणं, असं कुणी शिकवलं?

मी सॉफ्टवेअर इंजिनीअर. काही बिघडलं की आधी लॉग वाचायचा, ही आमची सवय. तसाच कान्तेच्या सुरुवातीच्या वर्षांचा लॉग वाचून बघा.

जन्म १९९१, पॅरिस. आई-वडील मालीहून आलेले. पॅरिसच्या पश्चिमेला रुए-माल्मेझाँमध्ये साध्या घरात वाढला. वडील लहानपणीच गेले. आठेक वर्षांचा असताना शेजारच्या स्यूरेनच्या छोट्या क्लबात गेला आणि एकोणीस वर्षांचा होईपर्यंत तिथंच राहिला. मोठ्या अकादम्यांनी घेतलं नाही. पोरगा बुटका, किडकिडीत. २०१० मध्ये बुलोनला गेला, तोही राखीव संघात. पहिल्या संघाकडून पहिला सामना मे २०१२ मध्ये. त्याच हंगामाअखेर क्लब तिसऱ्या श्रेणीत घसरला, मग वर्षभर तो तिथं खेळला. २०१३ मध्ये दुसऱ्या श्रेणीतल्या काँ या क्लबात. पुढच्या वर्षी काँ वर चढला आणि तेविसाव्या वर्षी कान्ते फ्रान्सच्या पहिल्या श्रेणीत आला. या धावपळीत त्यानं अकाउंटिंगचा डिप्लोमाही केला.

२०१५ मध्ये लेस्टर. तिथंही प्रशिक्षक रानिएरींना त्याच्या उंचीची शंका होती. खेळाडू हेरणाऱ्या स्टीव्ह वॉल्शनी आग्रह धरला. आदल्या वर्षी चौदाव्या क्रमांकावर असलेला लेस्टर मे २०१६ मध्ये इंग्लंडचा विजेता झाला. त्या हंगामात लीगमध्ये सर्वांत जास्त टॅकल आणि सर्वांत जास्त इंटरसेप्शन याच बुटक्याचे. फ्रान्सची जर्सी मिळाली तेव्हा तो पंचविशीला टेकला होता.

आता सांगा, यात चमत्कार कुठं आहे? मला तर अकरा वर्षं उघडा राहिलेला एक दरवाजा दिसतो. स्यूरेनच्या क्लबानं त्याला मोठा खेळाडू होण्याची हमी दिली नव्हती. दर आठवड्याला नोंदणी केलेला सामना, एक प्रशिक्षक आणि मैदान एवढंच दिलं. वर एक शिडी होती: तळाचा क्लबही जिंकत गेला तर वर जातो, आणि तिसऱ्या श्रेणीत चांगला खेळणारा दुसऱ्या श्रेणीवाल्यांच्या नजरेत येतो.

‘फ्रान्स आहे, तिथं सगळं असतं,’ असं म्हणू नका. २०११ मध्ये, कान्ते बुलोनच्या राखीव संघात घाम गाळत होता तेव्हा, एक प्रकरण उघडकीला आलं. प्रशिक्षण केंद्रांत दुहेरी राष्ट्रीयत्वाच्या मुलांचं प्रमाण मर्यादित ठेवावं का, यावर फ्रेंच फुटबॉल संघटनेच्या बैठकीत चर्चा झाली होती. म्हणजे त्याच्यासारख्या स्थलांतरितांच्या पोरांबद्दल! भेदभाव तिथंही होता. त्याच्याशी भांडायलाच हवं, तिथं आणि इथंही. पण ते भांडण चालू असताना पोरगा रोज संध्याकाळी कुठं जाणार, याचं उत्तर मोहल्ल्यालाच द्यावं लागतं.

मी कोल्हापूरचा. फुटबॉल आम्हाला बाहेरून शिकायची गरज नाही. पेठांच्या तालमींचे संघ, शाहू स्टेडियमवरची गर्दी, सामन्याआधीची धुसफूस हे सगळं बघत वाढलो. २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव आमच्याच मातीतला. मीही मिडफिल्डला खेळायचो. दहावीच्या वर्षी अब्बांनी बूट माळ्यावर टाकले. ‘खेळून पोट भरतं का?’ त्यांचा दोष नाही. त्यांनी आयुष्यभर पोटच भरलं. पण ‘पोरगं का येत नाही?’ म्हणून विचारायला घरी कुणीच आलं नाही. मी मोठा खेळाडू झालो असतो असं मुळीच नाही. पण माझ्या बरोबरचे दोघे-तिघे माझ्यापेक्षा कितीतरी सरस होते. सोळाव्या वर्षी एक गॅरेजमध्ये होता, एक नुसता नाक्यावर.

आपल्या जमाती, ट्रस्ट, शिक्षण संस्था शिष्यवृत्त्या देतात, गुणवंतांचे सत्कार करतात. चांगलं आहे. पण नव्वद टक्केवाल्याचा सत्कार करणं सोपं. पंधराव्या वर्षी बुटका, मुखदुर्बळ, साठ टक्क्यांचा पोरगा धरून ठेवणं हे खरं काम. शाहू महाराजांनी १९०६ मध्ये कोल्हापुरात मुस्लिम विद्यार्थ्यांसाठी बोर्डिंग उभं केलं, तेव्हा नशिबाची वाट पाहिली नव्हती.

म्हणून माझी मागणी सरळ आहे. प्रत्येक मोठ्या मोहल्ल्यात एक नोंदणीकृत संघ, लायसन्स असलेला एक प्रशिक्षक आणि एकोणीस वर्षांपर्यंत कुणालाही काढायचं नाही, असा नियम. खेळानंतर तिथंच दोन तास अभ्यास, म्हणजे अम्मी-अब्बांची भीतीही जाईल. संघात आजूबाजूच्या सगळ्यांची पोरं. आणि मुलींचा संघ पहिल्या दिवसापासून, ‘पुढच्या वर्षी बघू’ नको. पैसा लागेल. आयटीत, गल्फमध्ये कमावणारे आपण कमी नाही. एका लग्नातल्या एका वेळच्या जेवणाच्या खर्चात एखाद्या संघाचे बूट आणि चेंडू सहज येतील. मी माझा वाटा द्यायला तयार आहे.

पुढची रील आली की फॉरवर्ड करण्याआधी एवढंच करा. तुमच्या गल्लीत गेल्या महिन्यापर्यंत मैदानावर दिसणारा आणि आता न दिसणारा एक पोरगा आठवा. त्याच्या घरी आज संध्याकाळी कोण जाणार?