न छापलेले समग्र वाङ्मय

श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांचे ‘सुदाम्याचे पोहे’ आजही वाचता येते, कारण ते छापले गेले. चंद्रपूर-गडचिरोलीच्या झाडीपट्टीतील विनोदकारांचे मात्र तसे नाही. गुरनोलीच्या परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली; त्यांच्या विनोदी भूमिकांनी हजारो रात्री गाजवल्या. त्यांचे ‘समग्र वाङ्मय’ कोठे शोधावे? धानकापणीनंतर वडसा येथून नाट्यमंडळ्या गावोगाव निघतात, प्रयोग पहाटेपर्यंत रंगतो. दंडार आणि खडी गंमत यांतला विनोद तर प्रेक्षकांतल्या एखाद्या आरोळीवर जागीच घडतो. संहितेत तो सापडायचा नाही. म्हणूनच माझ्या मते, मित्रहो, नुसत्या संहिता छापून भागणार नाही. प्रयोगांचे ध्वनिमुद्रण हवे, आणि झाडीबोली प्रमाण मराठीत न ‘सुधारता’. खिशातला मोबाइल त्याला पुरेसा आहे.