वरचा थर कुणाचा?

भारतीय पुरातत्त्वात वयाला अवाजवी मान आहे. हडप्पाकालीन खापराची बातमी होते. सतराव्या शतकातील चुलीवरचे काळवंडलेले खापर मात्र ‘उत्तर-मध्ययुगीन’ या एका शब्दात गुंडाळले जाते आणि कुदळ खालच्या थराकडे वळते. गेल्या पाचशे वर्षांतील सामान्य माणसांचे जगणे नेमके त्या वरच्या थरात असते. या जगण्याच्या अभ्यासाला कारकीर्द वाहू पाहणाऱ्या तरुण अभ्यासकाला आपला विषय पुरेसा ‘जुना’ का नाही, याचेच उत्तर आधी द्यावे लागते. ही उतरंड शास्त्रीय नव्हे. ती निव्वळ सवय आहे.

यावर एक आक्षेप ठरलेला असतो: या काळाची कागदपत्रे विपुल आहेत, मग जमीन खणायची कशाला? पण ती कागदपत्रे लिहिली कोणी? दरबारांनी, कारकुनांनी, व्यापारी कंपन्यांनी आणि परदेशी प्रवाशांनी. त्यांत महसूल आहे, मोहिमा आहेत, तह आहेत. कुंभाराच्या घरी रोज काय शिजत होते, हे त्यांत क्वचितच सापडते. पोर्तुगिजांबरोबर सोळाव्या शतकात आलेली मिरची गोरगरिबांच्या चुलीपर्यंत केव्हा पोचली, हे शाही पाकशाळेच्या नोंदी सांगणार नाहीत. राखेत जळून राहिलेले बी सांगू शकेल. जहांगिराने १६१७ मध्ये तंबाखूवर बंदी घातली, हे लेखी साधनांतून कळते. ती कितपत पाळली गेली, याची साक्ष चिलमींचे तुकडेच देतील. लिहिता न येणाऱ्या बहुसंख्यांचे दप्तर जमिनीतच आहे.

हे काम भारतात अशक्य आहे, असेही नाही. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठातील रमणलाल नागरजी मेहता यांची कारकीर्द पाहावी. १९६०च्या दशकाच्या आरंभी देवनीमोरीच्या बौद्ध स्तूपाच्या उत्खननात त्यांचा वाटा होता. तेथील अस्थिकरंडकाची कीर्ती आजही टिकून आहे. त्या यशानंतर प्राचीन स्थळांवरच थांबणे सोपे होते. मेहता चांपानेरकडे वळले. महमूद बेगड्याने १४८४ मध्ये पावागड जिंकून येथे राजधानी वसवली. १५३५ मध्ये हुमायूनची स्वारी झाली आणि नगर ओस पडत गेले. जेमतेम अर्धशतक नांदलेले शहर म्हणजे पुरातत्त्वासाठी बंद पेटीच. मेहतांनी मशिदी आणि तटबंदीपुरते न थांबता रस्ते, घरे, बागा आणि पाण्याची व्यवस्था यांचा शोध घेतला. १९७९ मध्ये त्यांनी मध्ययुगीन पुरातत्त्वावर स्वतंत्र ग्रंथही लिहिला. चांपानेर-पावागडला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला तो २००४ मध्ये.

दुसरे उदाहरण विजयनगरचे. १५६५ नंतर उजाड झालेल्या या राजधानीत कार्ला सिनोपोली या अमेरिकी पुरातत्त्वज्ञ महिलेने सरदारांच्या वस्तीतील साध्या, बिनझिलईच्या मातीच्या भांड्यांचा अभ्यास केला. ज्या खापरांवरून पर्यटक पाय ठेवून पुढे जातात, त्यांच्यावर १९९३ मध्ये तिचा संपूर्ण ग्रंथ प्रसिद्ध झाला. रांधणे, साठवणे, वाढणे, पाणी भरणे या रोजच्या कामांचा माग तिने भांड्यांच्या आकारांतून काढला. साम्राज्य केवळ सिंहासनावर चालत नाही, ते चुलीवरही चालते, हे यातून दिसते.

कायद्याची दृष्टी या बाबतीत विद्वानांपेक्षा उदार आहे. १९७२च्या पुरावस्तू कायद्यानुसार सर्वसाधारणपणे १०० वर्षे जुनी वस्तू ‘पुरावस्तू’ ठरते. म्हणजे पणजीच्या वापरातले भांडेही त्या व्याख्येत बसू शकते. अभ्यासकांच्या मानाच्या यादीत मात्र ते बसत नाही. शिवाय संरक्षित स्मारकाभोवती १०० मीटर प्रतिबंधित आणि त्यापुढे २०० मीटर नियंत्रित क्षेत्र असते. त्याबाहेरच्या जुन्या पेठेत इमारतीचा पाया खणताना तेथे पुरातत्त्वज्ञ हजर असावा, अशी सर्वसाधारण सक्ती नाही. इंग्लंडमध्ये १९९० पासून नियोजनाच्या धोरणानेच विकासकाच्या खर्चाने अशी पाहणी करून घेण्याचा मार्ग खुला केला. भारतीय शहरांत मात्र शतकांचा घरगुती इतिहास राडारोड्याच्या ट्रकमधून रोज वाहून जातो.

प्राचीनाचा अभ्यास थांबवावा, असे कोणीही म्हणत नाही. मात्र प्रत्येक उत्खननात वरच्या थरांची मातीही तितक्याच काटेकोरपणे चाळली जावी, त्यातील बिया, हाडे, बांगड्यांचे तुकडे आणि खापरे सविस्तर नोंदली जावीत. जुन्या वस्त्यांमधील खोदकामांवर जवळच्या विद्यापीठाला देखरेखीचा अधिकार मिळावा. अभ्यासक्रमात आणि नेमणुकांमध्ये या काळाला हक्काची जागा असावी.

हडप्पाचा थर आणखी काही वर्षे जमिनीखाली सुरक्षित राहील. वरच्या थराला ती सवलत नाही. पहिला घाव नेहमी त्याच्यावरच पडतो.