जप्त वाहनांचा निर्णय कायद्याच्या मुदतीत व्हावा

प्रति,
मा. जिल्हाधिकारी साहेब,
जिल्हाधिकारी कार्यालय, यवतमाळ.

विषय : जप्त ट्रॅक्टर, ट्रॉली व मोटारसायकलींचा ताबा, दंड व जातमुचलका यांबाबत मुदतीत लेखी आदेश मिळण्याबाबत.

महोदय,

आम्ही खाली सह्या करणारे यवतमाळ जिल्ह्यातील शेतकरी व वाहनमालक आपणांस विनंतीपूर्वक निवेदन सादर करतो की,

विनापरवाना रेती उपशावर कारवाई व्हायलाच हवी. पैनगंगा आणि वर्धा नदीचे पात्र खरवडले की काठच्या विहिरींचे पाणी खाली जाते, त्याची झळ आम्हालाच बसते. आमचे गाऱ्हाणे जप्तीनंतरच्या दिवसांबद्दल आहे.

आमच्यापैकी एकाचा ट्रॅक्टर मार्चमध्ये जप्त होऊन एका कार्यालयाच्या आवारात उभा राहिला. दंड भरायची त्याची तयारी होती. अर्जाची पोच मिळाली, पण दंड किती आणि कुठे भरायचा, याचा लेखी आदेश निघाला नाही. मृग लागला तेव्हा पुढची चाके काळ्या मातीत रिमपर्यंत रुतली होती, बॅटरी जागेवर नव्हती, सायलेन्सरच्या तोंडाशी कुंभारमाशीने घर केले होते. पेरणी त्याने भाड्याच्या ट्रॅक्टरने उरकली आणि उभ्या ट्रॅक्टरचा बँकेचा हप्ताही भरला. दंड कायद्यात लिहिलेला आहे. वाहन गंजवण्याची शिक्षा कोणत्याही कलमात नाही.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48 नुसार जप्त वाहन 48 तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचे असते. दंड व जातमुचलका घेऊन ते सोडण्याचा अधिकार त्या अधिकाऱ्याला आहे. पोलिसांनी जप्त केलेल्या मुद्देमालासाठी 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 497 आहे : मुद्देमाल न्यायालयापुढे आल्यावर 14 दिवसांत त्याचे विवरण, मग छायाचित्र, आणि त्यानंतर 30 दिवसांत विल्हेवाटीचा आदेश.

वाहने पोलीस ठाण्यात दीर्घकाळ ठेवून काही साधत नाही, योग्य बंधपत्र व हमी घेऊन ती लवकर सोडावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 मध्येच सांगितले. त्याआधी 1977 मध्ये बसव्वा पाटील प्रकरणात पोलिसांच्या ताब्यातून गहाळ झालेल्या दागिन्यांची किंमत शासनाला द्यायला लावली. जप्त वस्तू ही शासनाकडे असलेली ठेव आहे, हाच या निकालांचा अर्थ आम्ही समजतो.

आदेशच निघाला नाही, तर अपील कशावर करायचे? मग उरते ती अनुच्छेद 226 खालची रिट याचिका. उमरखेड किंवा झरी जामणीच्या शेतकऱ्याने हातातले काम टाकून, वकिलाची फी जमवून नागपूर खंडपीठ गाठायचे, आणि तेथून बहुधा एवढेच आणायचे की अर्जावर अमुक दिवसांत निर्णय घ्यावा. जे कायदा आधीच सांगतो, त्यासाठी शेतकऱ्याला उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागू नये, एवढीच आमची कळकळ आहे.

तरी आमच्या मागण्या पुढीलप्रमाणे :

1. जप्तीच्या दिवशीच मालकास जप्तीनाम्याची प्रत द्यावी. तीत इंजिन व चेसिस क्रमांक, टायर, बॅटरी यांची नोंद असावी व सोबत छायाचित्रे जोडावीत.

2. 48 तासांत वाहन हजर केल्याची नोंद ठेवावी. सोळाही तालुक्यांतील प्रलंबित जप्त वाहनांची यादी, जप्तीच्या तारखेसह, फलकावर लावावी.

3. शासकीय कामातील विलंब रोखणाऱ्या 2005 च्या अधिनियमानुसार कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडे साधारणतः 7 कामकाजाच्या दिवसांहून अधिक पडून राहता कामा नये. त्याच मुदतीत अर्जावर कारणांसह लेखी आदेश द्यावा. अर्ज नाकारला तरी अपील कोणाकडे व किती दिवसांत करायचे, हे त्यात लिहावे.

4. दंड व जातमुचलका दिल्यावर दुसऱ्या कामकाजाच्या दिवसापर्यंत ताबा द्यावा.

5. पोलीस ठाण्यांतील मुद्देमालाचे अहवाल न्यायालयात वेळेत जावेत, यासाठी मा. पोलीस अधीक्षकांसह दरमहा आढावा घ्यावा.

6. जप्त वाहनांसाठी शेड व पहारा असावा. सुटे भाग गेल्यास जबाबदारी निश्चित करून भरपाई द्यावी.

7. दरवर्षी मे महिन्यात, पेरणीपूर्वी, तालुकानिहाय शिबिर घेऊन प्रलंबित प्रकरणे निकाली काढावीत.

संविधानाच्या अनुच्छेद 300अ नुसार कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाची मालमत्ता हिरावता येत नाही. 30 दिवसांत कार्यवाही न झाल्यास आम्हाला एकत्रितपणे नागपूर खंडपीठात दाद मागावी लागेल. ती वेळ येऊ नये, म्हणून आपण आम्हाला चर्चेसाठी वेळ द्यावी, ही नम्र विनंती.

आपले विश्वासू,
शेतकरी व वाहनमालक, यवतमाळ जिल्हा
(सह्यांची यादी सोबत जोडली आहे)

प्रतिलिपी माहितीस्तव व कार्यवाहीस्तव :
मा. विभागीय आयुक्त, अमरावती
मा. पोलीस अधीक्षक, यवतमाळ