आत्या कुठल्या घरची?

मागच्या वेळी भुट्ट्याच्या किसावर लिहिलं, तर कितीतरी जणींचे फोन आले. या वेळचा विषय जरा जड आहे. चहा घेऊन बसा.

आमच्याकडे आजोबांच्या हातची वंशावळीची वही आहे. पवारांच्या मागोमाग माळव्यात आलेल्या मूळ पुरुषापासून माझ्या बाबांपर्यंत सगळे पुरुष तीत आहेत. कोण देवासच्या थोरल्या पातीत कारकून, कोण धाकट्या पातीत, हेसुद्धा आहे. मुलींच्या नावापुढे मात्र फक्त सासरचं गाव. माई आत्याच्या नावापुढे लिहिलंय, 'धार'. बस्, एवढंच.

गेल्या वर्षी माझ्या धाकट्या बहिणीला स्तनाचा कर्करोग निघाला. वय ४४. इंदूरला जनुकीय तपासणीआधी सल्ला देणाऱ्या बाईंनी विचारलं, घरात आणखी कुणाला होता का? मी ठामपणे म्हटलं, नाही. आई, मावश्या, आजी, सगळ्यांचं सांगून झालं. त्या म्हणाल्या, ''आणि वडिलांच्या बाजूचं?'' तेव्हा कुठे मला माई आत्या आठवली. चाळिशीतच गेली होती. आम्हा मुलांना पोटाचा आजार म्हणून सांगितलं होतं. संध्याकाळी मोठ्या काकूंना फोन केला, तर त्या आवाज खाली करून म्हणाल्या, ''अगं, गाठ छातीत होती.''

त्या रात्री मला डॉ. कमल रणदिवे आठवल्या. मी शाळेत जीवशास्त्र शिकवायची, तेव्हा मुलींना त्यांच्याबद्दल हमखास सांगायची. स्वतः मात्र काय शिकले होते, देव जाणे!

कमल समर्थ यांचा जन्म पुण्यातला, ८ नोव्हेंबर १९१७चा. वडील दिनकरराव फर्ग्युसन कॉलेजात जीवशास्त्र शिकवत. शाळा हुजूरपागा. मुलीने डॉक्टर व्हावं ही वडिलांची इच्छा, पण त्यांनी वनस्पतिशास्त्र आणि प्राणिशास्त्र घेतलं. एम.एस्सी.साठी अभ्यास केला तो सीताफळाच्या कुळातल्या झाडांच्या गुणसूत्रांचा! १९३९ साली गणिताचे अभ्यासक ज. त्र्यं. रणदिवे यांच्याशी लग्न झालं आणि त्या मुंबईला आल्या. एम.एस्सी. पूर्ण झाली ती लग्नानंतर, १९४३ साली. पुढे परळच्या टाटा मेमोरियलमध्ये डॉ. वसंतराव खानोलकरांच्या हाताखाली पीएच.डी.चं काम केलं. १९४९ साली मुंबई विद्यापीठाची पदवी मिळाली.

त्यांचं काम होतं उंदरांवर. उंदरांच्या चार जाती घेतल्या. कुणात स्तनाचा कर्करोग सहज होणारा, कुणात क्वचित. गाठ यायच्या आधीच त्यांच्या ग्रंथींत काय फरक असतो, हे बघायचं होतं. असं काम करायचं तर प्रत्येक मादीची आई कोण, बाप कोण, पिल्लं किती, हे पिढ्यान्‌पिढ्या माहीत असावं लागतं. म्हणजे वंशावळच की! आणि तरी उत्तर सरळ नव्हतं. काही जातींत हा रोग आईच्या दुधातल्या विषाणूमधून पिल्लांकडे जातो, हे अमेरिकेत तेव्हा नुकतंच कळलं होतं. म्हणजे वारसा कुठला, दुधातून आलेलं कुठलं आणि हार्मोनचा वाटा किती, हे एकेक करून वेगळं करायचं. कर्करोग आणि आनुवंशिकता यांचा संबंध आपल्या देशात इतक्या लवकर धरून बसणाऱ्यांमध्ये रणदिवेबाई होत्या. हा वारसा नेमका कुठल्या जनुकातून जातो, ते तेव्हा कुणालाच दिसत नव्हतं.

पुढे रॉकफेलर शिष्यवृत्तीवर त्या बाल्टिमोरला जॉर्ज गाय यांच्या प्रयोगशाळेत गेल्या. १९५१ साली हेन्रिएटा लॅक्स या बाईच्या गाठीतल्या पेशी काचेच्या नळीत पहिल्यांदा न थांबता वाढल्या, त्या इथेच. नळीवर बाईचं नाव नाही, नाव-आडनावाची दोन-दोन अक्षरं, 'हेला'. घरच्यांना पत्ता लागला तो वीसेक वर्षांनी. (बाईचं नाव गाळायची सवय फक्त आमच्या आजोबांची नव्हती.) शरीराबाहेर पेशी वाढवायची ही विद्या घेऊन रणदिवेबाई परत आल्या आणि परळच्या इंडियन कॅन्सर रिसर्च सेंटरमध्ये देशातली तशी पहिली प्रयोगशाळा उभी केली. १९६६ ते १९७० त्या या संस्थेच्या संचालक होत्या. १९७३ साली सहकारी बायकांना घेऊन भारतीय महिला वैज्ञानिक संघटना काढली. वाशीला तिचं पाळणाघर आणि नोकरदार बायकांसाठी वसतिगृह आहे. मला हे फार आवडतं. १९८२ साली पद्मभूषण मिळालं, २००१ साली त्या गेल्या.

पहिलं जनुक १९९० साली मेरी-क्लेअर किंग यांनी सतराव्या गुणसूत्रावर कुठे आहे ते दाखवलं आणि १९९४ साली ते हाती लागलं. बीआरसीए-१. बहिणीच्या रिपोर्टात दोष निघाला तो त्यातच. घाबरू नका, स्तनाच्या कर्करोगातले शंभरात पाच ते दहाच असे वारशाने येतात. पण ज्या घरात आहे तिथे मुलाला किंवा मुलीला तो दोष मिळायची शक्यता निम्मी असते. आणि तो बापाकडूनही येतो. बाबा ऐंशी वर्षं ठणठणीत जगले, त्यामुळे त्यांच्या बाजूला बघायचं कुणाला सुचलंच नाही.

मागच्या रविवारी इंदूरला बस बदलून धारला गेले. आतेबहिणीने पोहे केले, शेव घातली, सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, ''मुलीचं बघणं चाललंय गं. इतक्यात कुठे बोलू नकोस.'' मी वही पिशवीतच ठेवली. तिचंही चुकतं असं कसं म्हणू? माझा स्वतःचा रिपोर्ट यायचाय, आणि तो आला तर आमच्या सुनेला काय नि कसं सांगायचं, ते मीही ठरवलेलं नाही.

भाची बसस्टँडवर सोडायला आली. बस लागेपर्यंत काही बोलली नाही. मी चढल्यावर खिडकीशी येऊन म्हणाली, ''मावशी, त्या इंदूरच्या बाईंचा नंबर पाठव. आणि हे लिहिणार असशील तर लिही, फक्त माझं नाव नको.''

बस घाटाबिल्लोदच्या पुढे गेल्यावर नंबर पाठवला.