चार्जिंगचा विषय यंदाच्या वार्षिक सभेत घ्या

पुण्यातल्या तमाम गृहनिर्माण संस्थांच्या सभासदांना हात जोडून विनंती.

मी वायरिंगची कामं घेतो. गेल्या पावसाळ्यात एका सोसायटीतून बोलावणं आलं. दुसऱ्या मजल्याच्या खिडकीतून वायर खाली सोडलेली, पाइपाला सुतळीनं बांधलेली. खाली एक्स्टेन्शन बोर्ड, त्यावर पावसासाठी प्लास्टिकची पिशवी. प्लग उपसला, तर पितळी पिना काळ्या पडलेल्या आणि बोर्डाची भोकं वितळून पसरलेली. वायर दीड एमएमची. तिच्यावर रोज रात्री आठ तास कार चार्ज होत होती. इस्त्री दहा मिनिटांत बंद होते, गिझर मधूनमधून थांबतो. गाडी मात्र १५ अँपिअरच्या आसपास करंट रात्रभर, न थांबता ओढत राहते. चूक पोटात घालायला वायरला उसंतच मिळत नाही.

त्या कारच्या मालकांना मी दोष देणार नाही. त्यांनी पार्किंगमध्ये पॉइंट मिळावा म्हणून सोसायटीच्या कमिटीकडे तीन वेळा लेखी अर्ज केला होता आणि तिन्ही वेळा ‘पाहू’ एवढंच उत्तर आलं होतं.

कमिटीची भीतीही खोटी नसते. दहा जणांनी ७.२ किलोवॉटचे चार्जर बसवून संध्याकाळी सातला एकदम सुरू केले, तर ७२ किलोवॉटचा भार पडेल. पण गाडीची खरी भूक बघा. शहरात दिवसाला चाळीस किलोमीटर फिरणाऱ्या कारला साधारण सहा युनिट लागतात. दहा गाड्यांची साठ. ती रात्रीच्या आठ तासांत पसरवली, तर भार होतो साडेसात किलोवॉट, म्हणजे दहा हॉर्सपॉवरच्या एका मोटारीएवढा! एवढ्यासाठी आपण शेजाऱ्याशी वैर धरतो, याचं मला फार वाईट वाटतं.

म्हणून काम सगळ्यांनी मिळून, एकदाच करा. मीटर रूममधून पार्किंगसाठी वेगळी केबल आणि पॅनेल घ्या. प्रत्येक पॉइंटला स्वतंत्र एमसीबी, करंट गळला तर वीज तोडणारा ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी, पक्कं अर्थिंग आणि सब-मीटर हवाच. मग कुणाचं बिल कुणी भरायचं हा वाद राहत नाही. लिफ्ट, पंप, एसी जोरात चालू असताना गाड्यांचा करंट आपोआप कमी करणारी आणि मध्यरात्री वाढवणारी यंत्रणाही बाजारात मिळते. आज गाड्या दोनच असल्या, तरी केबल वीस गाड्यांच्या हिशेबानं टाका. खोदाई दोनदा करणं महागात पडतं.

कायद्याची अडचण समजू नका. घरच्या वीजजोडणीवर गाडी चार्ज करायला केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाच्या मार्गदर्शक सूचनांनीच मुभा दिली आहे. मंजूर भार वाढवावा लागला, तर महावितरणकडे अर्ज करायचा.

स्कूटरवाल्यांनो, तुम्हालाही सांगणं आहे. बॅटरी घरी आणत असाल, तर ती जिन्यात किंवा दाराशी चार्जिंगला लावू नका. आग लागली तर बाहेर पडायची वाट तीच असते.

वार्षिक सर्वसाधारण सभा ३० सप्टेंबरपर्यंत व्हायची असते. नोटीस निघण्याआधी सचिवांना पत्र द्या आणि हा विषय अजेंड्यावर घ्यायला लावा. आणि आज रात्री गाडी लावल्यावर अर्ध्या तासानं प्लगच्या बाहेरच्या प्लास्टिकला हात लावून बघा. कोमट असेल तर ठीक. चटका बसला, तर मेन स्विच बंद करून मगच प्लग काढा आणि त्या पॉइंटवर पुन्हा गाडी लावू नका.